पलीकडच्या काठावरची विहीर

लाय आत्याला मी पहिल्यांदा पाहिलं ते धुक्यात. त्र्याहत्तर सालचा फेब्रुवारी. युद्धविराम होऊन महिनाही झाला नव्हता. थाक हान नदीच्या उत्तरेच्या काठावर, बॉम्बनं अर्ध्या कापलेल्या बांबूच्या बेटात, आम्ही कॅमेरा लावून बसलो होतो. समोर पाणी, पाण्यापलीकडे क्वांग त्री शहर आणि शहराच्या पोटात किल्ला. नकाशात तरी तसं होतं. डोळ्यांना दिसत होतं ते नुसतं पांढरं.

मी हनोईच्या माहितीपटांच्या युनिटमधला कॅमेरामन, वय सव्वीस. आदल्या उन्हाळ्यात आमचे सैनिक त्या किल्ल्यात एक्याऐंशी दिवस वेढले गेले होते. वरून बॉम्ब, समोरून तोफा, पाठीशी ही नदी. सप्टेंबरात किल्ला हातचा गेला. आता तिथे दक्षिणेच्या सैन्याची माणसं होती आणि नदी ही दोन सैन्यांमधली रेघ झाली होती. गोळीबार थांबला होता, पण पलीकडे जायला कुणालाच परवानगी नव्हती. म्हणून हनोईहून हुकूम आला की किल्ल्याचे अवशेष अलीकडून, लांब भिंगातून टिपून आणा.

आमचे दिग्दर्शक तुएदादा. शिस्तीचे, पोटाच्या दुखण्यानं वाळलेले, कमी बोलणारे. त्यांच्याजवळ अकरा रिळं होती. एक रीळ म्हणजे पावणेतीन मिनिटं. म्हणजे सगळं मिळून अर्ध्या तासाचं चित्रण, आणि त्यात अख्खं शहर बसवायचं. पहिले दोन दिवस धुकं विरलं की आम्ही भिंगाला डोळा लावायचो आणि हताश व्हायचो. ढिगाऱ्यामागे ढिगारा. विटांचा, कौलांचा, पुन्हा विटांचा. कुठला दरवाजा, कुठली शाळा, कुठलं देऊळ, काहीच उमगेना. तुएदादांनी गावसमितीला निरोप धाडला की त्या शहरातलं एखादं माहीतगार माणूस द्या. समितीनं लाय आत्याला पाठवलं.

तिकडे कुठल्याही पोक्त बाईला आत्याच म्हणतात. ही चोपन्न वर्षांची, काटक, उन्हानं रापलेली. किल्ल्याच्या पूर्व दरवाजापाशी तीस वर्षं तांदळाची वाफेवरची घावनं विकलेली. आदल्या उन्हाळ्यात खांद्यावरच्या कावडीत भांडीकुंडी घालून ती उत्तरेकडे पळाली होती. आता नदीपासून अर्ध्या तासावर एका झोपडीत राहत होती. झोपडीवर छप्पर म्हणून रात्री उजेड पाडणाऱ्या बॉम्बची पांढरी हवाई छत्री ताणलेली होती.

"हनोईचा तू?" तिनं मला विचारलं.

"हो, आत्या. माझं नाव लाम."

"बोलणं किती सपाट रे तुझं. इस्त्री फिरवल्यासारखं."

तेवढ्यात धुक्याला भोक पडलं आणि पलीकडचा काठ दिसू लागला. मी तिला भिंगाशी बसवलं. ती बराच वेळ हलली नाही. मग तिनं मान वर करून नुसत्या डोळ्यांनी नदीपलीकडे पाहिलं आणि परत भिंगात पाहिलं.

"हे एवढं जवळ आहे," ती म्हणाली, "मग राखेचा वास का येत नाही?"



"तो उजवीकडचा ढिगारा कुठला, आत्या?" तुएदादांनी वही उघडून विचारलं.

"ढिगारा कसला? चिनी वैद्याचं दुकान ते. पायरीवर दालचिनीच्या साली वाळत घातल्यात बघा."

"आणि त्याच्या अलीकडे?"

"तिथं शिंपी. उकडतंय म्हणून यंत्र बाहेर काढून बसलाय. बायकोशी भांडणही झालं असेल."

"आत्या, तिथे जे आहे ते सांगा."

"आहे तेच सांगतेय. नाहीये ते तुम्ही बघताय."

तुएदादांनी पेन्सिल खाली ठेवली, थोडा वेळ नदीकडे पाहिलं आणि पुन्हा उचलली. त्या दिवसापासून वहीच्या पानावर मधोमध रेघ पडली. डावीकडे भिंगाला दिसलेलं, उजवीकडे आत्याला दिसलेलं. डावीकडे 'विटांचा ढीग, वाकलेली सळई', तर उजवीकडे 'वैद्याची पायरी, साली'. चौथ्या दिवशी मी सळईवर भिंग रोखत होतो आणि मला दालचिनीचा वास आला. मी हे तुएदादांना सांगितलं नाही. आठवड्याभरात मला शिंपीही दिसू लागला. ऊन तापलं की ढिगाऱ्यांवरची हवा थरथरायची, आणि त्या थरथरण्यात भिंती उभ्या राहायच्या, माणसं उंबऱ्यांवरून आत-बाहेर करायची. मी स्प्रिंगची किल्ली पिरगाळून कॅमेरा सुरू केला की सगळं पुन्हा विटा होऊन बसायचं.

तिकडच्या दमट हवेत रिळांना बुरशी येते. म्हणून आम्ही तांदूळ करपेपर्यंत भाजायचो, पुरचुंडीत बांधायचो आणि रिळांच्या डब्यात ठेवायचो. ते तांदूळ ओल शोषून घेतात. एका दुपारी मी तांदूळ भाजताना आत्यानं पाहिलं.

"हे कुणाला?"

"फिल्मला, आत्या."

"म्हणजे फिल्म भात खाणार आणि आम्ही कसावाचे कंद. छान. पुढच्या जन्मी मला फिल्मच करा म्हणावं." पण तिनंच माझ्या हातातला झारा काढून घेतला. "आच कमी कर. बाहेरून काळे आणि आतून ओले ठेवतोयस तू. अशानं तुझ्या फिल्मला अजीर्ण होईल."

त्यानंतर तांदूळ तीच भाजून द्यायची. एकही रीळ खराब झालं नाही.

दहाव्या दिवशी विहीर दिसली.

त्या सकाळी धुकं खालून विरत गेलं. आधी पाण्याची कड, मग वाळू, मग काठावरचं उद्ध्वस्त आवार. आवारात एक तुटकं करमळीचं झाड आणि झाडाशेजारी विहिरीचा विटांचा कठडा, जवळजवळ शाबूत. कठड्यापाशी दक्षिणेच्या सैन्यातला एक सैनिक उघड्या अंगानं उभा होता. दोरीला शिरस्त्राण बांधून तो पाणी काढत होता. त्यानं तोंड धुतलं, मान धुतली, मग बराच वेळ हातातल्या पाण्याकडे बघत बसला. मी भिंगात बघत होतो, आत्या शेजारी. मी तिला जागा दिली.

तिनं पाहिलं आणि तिचा हात माझ्या मनगटावर आला. "माझी आहे," ती म्हणाली. "माझी विहीर आहे ती."

दुसऱ्या दिवसापासून ती आमच्याही आधी येऊन बसू लागली. सैनिक रोज यायचा. बुटका, डावखुरा, वयानं विशीतला. ती त्याला बघायची आणि तो गेला की उगाच भिंग पुसायची.

तुएदादा जेवायला गेले असताना ती मला म्हणाली, "लाम, एक सांगते. वहीत लिहू नकोस."

"नाही लिहीत."

"माझा पोरगा पलीकडचा आहे. तान नाव. सत्तर साली त्यांनी उचलून सैन्यात नेला. गेल्या उन्हाळ्यापासून काही पत्ता नाही. समितीला ठाऊक आहे, पण कुणी बोलत नाही. माझ्याशी चांगले वागतात बिचारे."

"हा तो आहे का?"

"हा? हा कसला. माझा तान माझ्यापेक्षा वीतभर उंच आहे. हा कुणातरी दुसरीचा आहे." थोड्या वेळानं ती म्हणाली, "याचं चित्र घे ना तुझ्या यंत्रात."

मी तुएदादांना विचारलं. ते म्हणाले, "आपल्याला अवशेष टिपायचेत. विहिरीवर तोंड धुणारा शत्रूचा सैनिक दाखवून हनोईत काय सांगू? अडीच रिळं उरलीत, लाम."

त्यांचं बरोबर होतं. तरीही तिसऱ्या सकाळी, ते खोकत झाडाआड गेले तेव्हा, मी किल्ली पूर्ण पिरगाळली आणि विहिरीवर कॅमेरा सोडला. चोवीस सेकंद. सैनिक पाणी काढतो, ओंजळ भरतो, पितो. एवढंच. तुएदादा आले, कॅमेऱ्यावरचा उरलेल्या फिल्मचा आकडा पाहिला, माझ्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता झाडाझडती. त्यांनी वही घेतली. डाव्या बाजूला काहीच लिहिलं नाही, उजव्या बाजूला लिहिलं, 'विहीर. पाणी आहे.' दिवसभर ते माझ्याशी बोलले नाहीत, रात्री मात्र त्यांच्या वाटणीचा मासा माझ्या वाडग्यात टाकला.

दोन दिवसांनी आत्यानं जे केलं ते आमच्यापैकी कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. पहाटे धुकं इतकं दाट की स्वतःचे पाय दिसेनात. ती काठ उतरून गुडघाभर पाण्यात गेली आणि दोन्ही हात तोंडाशी धरून ओरडली.

"विहिरीवरच्या पोरा. पश्चिमेच्या बाजूनं वाकू नकोस. तिथल्या विटा सुट्या आहेत."

धुक्यात पाण्यावरून आवाज फार लांब जातो. पलीकडून बराच वेळ काही आलं नाही. आमच्या बाजूच्या लष्करी चौकीवरची पोरं उठून उभी राहिली, पण कुणी तिला ओढून आणलं नाही. मग एक कोवळा, हेलकाव्यांचा आवाज आला.

"कोण बोलतंय?"

"जिची विहीर ती."

 "पाणी गोड आहे, मावशी. आमच्याकडे सगळं खारं."

"कुठला रे तू?"

"बेन त्रेचा."

आत्या मागं वळून मला म्हणाली, "नारळांच्या मुलखातला. म्हणून बोलणं असं ओघळतंय." मग तिनं तानचं नाव सांगितलं, बापाचं नाव सांगितलं, पलटणीचा आकडा सांगितला. "विचारशील का कुणाला?"

"विचारतो," आवाज म्हणाला. दोघंही दिसत नव्हती. मी काठावर उभा होतो आणि मला वाटत होतं की नदीच नदीशी बोलतेय.

त्यानंतर धुकं असलेल्या प्रत्येक सकाळी ती पाण्यात उतरायची. ऊन लवकर पडलं तर दोन्हीकडच्या अधिकाऱ्यांना दिसलं असतं, म्हणून तेव्हा नाही. पाचव्या दिवशी आवाज म्हणाला, "मावशी, तान नावाचा एक जण आहे म्हणतात. दा नांगला. क्वांग त्रीचाच. एक पाय गेलाय, सैन्यातून सुटलाय, रेडिओ दुरुस्त करतो."

 ती म्हणाली, "तान ढिगानं असतील."

"असतील, मावशी."

"कुणी जाणारं आहे का तिकडे?"

"आमचा एक जण परवा सुटीवर चाललाय."

"मग त्याला म्हणावं, एवढंच विचार. लहानपणी तू विहिरीत पडलास तेव्हा तुला कोणी काढलं?"

आवाजानं तो प्रश्न दोनदा घोकला आणि गेला.

आमची रिळं संपली होती. तुएदादांनी परतायचा दिवस ठरवला होता, तो त्यांनी पुढे ढकलला. कारण म्हणून वहीत लिहिलं, 'हवामान'. रिकामा कॅमेरा घेऊन आम्ही रोज बांबूच्या बेटात जाऊन बसायचो. त्या दिवसांत मी भिंगातून खूप पाहिलं आणि काहीच टिपलं नाही. किल्ल्याच्या दरवाजाच्या उरलेल्या कमानीत बगळे बसायचे. खंदकात कमळं आली होती. कुठल्याशा ढिगाऱ्यावर एक कोंबडा चढून आरवायचा, आवाज मात्र पोचायचा नाही. ऊन-धुक्याच्या त्या खेळात मला नीट कळेनासं झालं होतं की लढाई होऊन गेलीय की व्हायचीय. आत्या शेजारी बसून हिरव्या पानांचा कडक चहा प्यायची. उत्तराची वाट बघायच्या या नऊ दिवसांत तिनं एकाही दुकानाचं नाव घेतलं नाही.

नवव्या सकाळी ती पाण्यात उभी असताना पलीकडून हाक आली.

"मावशी, आहात का?"

"आहे."

"तो म्हणतो, तो पडलाच नव्हता."

आत्याचे खांदे ताठ झाले.

"तो म्हणतो, तो करमळीवर लपून बसला होता. तुम्ही हाका मारत होता, तरी उतरला नाही. मग तुम्हीच विहिरीत उडी मारलीत, आणि तुम्हाला शेजाऱ्यांनी काढलं."

लाय आत्या होती तिथंच पाण्यात बसली. पाणी तिच्या गळ्यापर्यंत आलं. मी धावत उतरलो, तिच्या काखेत हात घालून तिला उठवू लागलो, आणि मला कळलं की ती हसतेय. हसता हसता तिच्या नाकातोंडात पाणी जात होतं.

"मेल्यानं तेव्हा मार चुकवला होता," ती म्हणाली. "आजी मध्ये पडली म्हणून."

पलीकडून आवाज पुन्हा पुन्हा विचारत होता, "मावशी? तोच का? मावशी?"

तिला ओरडता येईना. तिच्या वतीनं मीच ओरडलो, "तोच. तोच आहे." माझ्या सपाट हनोईच्या बोलीत. त्यावर पलीकडे तिघे-चौघे एकदम हसले. म्हणजे तो एकटा नव्हता.

दुसऱ्या दिवशी आम्ही निघालो. माहितीपट सतरा मिनिटांचा झाला. त्यात कमान आहे, खंदक आहे, वाकलेल्या सळया आहेत, मागे निवेदकाचा खणखणीत आवाज आहे. विहिरीचा तुकडा कापला गेला. कात्री तुएदादांनीच चालवली आणि कापलेला तुकडा कागदात गुंडाळून मुकाट्यानं माझ्या खिशात टाकला. पुढच्या वर्षी त्यांचं पोटाचं दुखणं बळावलं आणि ते गेले. त्यांची ती मधोमध रेघ मारलेली वही कार्यालयात कुठं गेली, ते मला कधीच कळलं नाही.

पंचाहत्तरच्या मार्चमध्ये नदीची रेघ पुसली गेली. शहरात परतलेल्या पहिल्या माणसांत लाय आत्या होती, असं मी नंतर ऐकलं. मला तिकडे जायला सत्याहत्तर उजाडलं.

शहर तेव्हाही बहुतेक रिकामंच होतं. किल्ल्यात झुडपं माजली होती आणि ती तोडायला गेलेल्या माणसांचे सुरुंगांवर पाय पडत होते. पण काठावरच्या आवारात पत्र्याची दोन खोल्यांची झोपडी होती आणि दारात चूल. चुलीवर फडकं ताणलेलं पातेलं आणि त्यावर घावनं वाफत होती. तानही होता, खरंच आईपेक्षा वीतभर उंच, काखेत कुबडी. त्याची बायको दा नांगची, पोटुशी. आईचं आणि सुनेचं कोळंबीच्या चटणीत मिरची किती घालायची यावरून चाललं होतं.

"आलास?" लाय आत्या मला म्हणाली, जणू मी काल संध्याकाळीच गेलो होतो. "आधी जेव. मग काय ते बोल."

मी तिला तो फिल्मचा तुकडा दिला. तिनं तो आभाळाकडे धरून पाहिला. एकेका चौकटीत नखाएवढा सैनिक, ओंजळ तोंडाशी.

"केवढासा झाला हा," ती म्हणाली. "याचं पुढे काय झालं रे?"

"माहीत नाही, आत्या. नाव तरी कुठे विचारलं आपण."

ती देव्हाऱ्यापाशी गेली. तिथं नवऱ्याची आणि सासू-सासऱ्यांची अशा तसबिरी होत्या, उदबत्त्यांचा वाडगा होता. तुकडा तिनं तिथे ठेवला, परत उचलला, पुन्हा ठेवला. गेलेल्यांत ठेवायचा की जित्यांत, ते तिला ठरवता येईना. शेवटी तिनं तो चहाच्या डब्यात टाकला आणि झाकण घट्ट लावलं.

या खेपेला माझ्याजवळ रंगीत फिल्म होती. मी तिला म्हटलं, किल्ल्यातून चाल, एकेक जागा दाखव, पूर्वीसारखी नावं सांग, मी टिपतो. ती नाही म्हणाली.

"एकदा सांगितली ना सगळी. आता त्या लोकांना पडू दे निवांत. मला घावनं आहेत."

दुपारी ती भांडी घासत होती आणि मी व तान पत्र्याच्या सावलीत बसलो होतो. तान कुणाचातरी रेडिओ उघडून बसला होता. मान वर न करता त्यानं विचारलं, "दादा, त्या वर्षी तुम्ही रोज आईसोबत होतात. मी नव्हतो. ती कशी दिसायची तेव्हा? एखादं चित्र असेल ना तुमच्याकडे?"

 जवळजवळ चार आठवडे ती माझ्या डाव्या कोपराशी बसली होती. मी नदीपलीकडची एकेक वीट टिपली होती, आणि कॅमेरा एकदाही डावीकडे वळवला नव्हता.

"चित्र नाही," मी म्हणालो. "माझ्याकडून राहून गेलं."

तानच्या हातातला पेचकस थांबला, मग फिरू लागला. 

म्हणून मग मी त्याला सांगायला लागलो. तपकिरी सदरा, कोपरावर ठिगळ. गळ्यात निळ्या काठाचा पंचा. थंडीनं ओठ फुटलेले. वाळूवर बसताना आधी उजवा गुडघा टेकायची आणि मग एक शिवी हासडायची. आणि भिंगातून बघताना तिला एक डोळा मिटता यायचा नाही, दोन्ही मिटायचे, म्हणून डावा डोळा ती तळहातानं झाकून घ्यायची, डोळे आलेल्या पोरासारखी.

"खोटं बोलतोय तो," आतून आवाज आला. लाय आत्या राखेच्या हातांनी दारात येऊन उभी राहिली होती. "मला येतो एक डोळा मिटता. हा बघ."

तिनं दोन्ही डोळे घट्ट मिटले आणि तशीच, चेहरा आमच्याकडे करून, आम्ही कबूल व्हायची वाट बघत उभी राहिली.